शरणपूर, मारका बैल आणि मोशेचा कायदा

गोदाकाठी (धागाकर्ता)

आजोबा सुतार होते. ते गेल्यावर हत्यारं काकांकडे गेली आणि काळ्या पुठ्ठ्याचं बायबल माझ्याकडे आलं. गेल्या पावसाळ्यात कपाटाला ओल धरली म्हणून सगळं बाहेर काढलं. पानं वाळवताना ‘अनुवाद’ नावाच्या पुस्तकाच्या एकोणिसाव्या अध्यायावर हात थांबला. एका ओळीखाली सुताराच्या जाड पेन्सिलीची रेघ, आणि समासात दोनच शब्द: ‘पाचर ठोका’.

ओळीचा आशय असा. दोघं रानात लाकडं तोडायला जातात. एकजण कुऱ्हाड उगारतो, पातं दांड्यातून निसटतं, शेजाऱ्याला लागतं आणि तो मरतो. मनात वैर नव्हतं. अशा माणसाने पळत जाऊन ठरवून दिलेल्या नगरांपैकी एकात शिरावं, म्हणजे मेलेल्याच्या भाऊबंदांच्या हातून त्याचा जीव वाचेल. मराठी बायबलात या नगरांना शब्द आहे ‘शरणपुरे’.

मी चाळीस वर्षं शरणपूर रोडवरून जा-ये करतोय. कधी डोक्यात आलं नव्हतं.

आमच्या नाशिकचं शरणपूर १८५० च्या दशकात चर्च मिशनरी सोसायटीच्या विल्यम प्राइस यांनी वसवलं, ख्रिस्ती झालेल्या आणि घराबाहेर काढल्या गेलेल्या लोकांसाठी. पुढे इंग्रज आरमाराने गुलाम वाहणाऱ्या अरबी गलबतांतून सोडवलेली आफ्रिकन मुलंही इथे आली. सुतारकाम, लोहारकाम, अक्षरओळख शिकली. त्यांतलाच एक याकोब वेनराइट. १८७३ मध्ये संशोधक-मिशनरी लिव्हिंगस्टन आफ्रिकेत वारला, तेव्हा त्याचं हृदय ज्या झाडाखाली पुरलं त्या झाडावर नाव कोरणारा हाच. नंतर मृतदेहाबरोबर तो पार लंडनपर्यंत गेला. झाडावर अक्षरं कोरणारा हात नाशिकला शिकलेला होता, हे मला आजोबांमुळे जरा जास्तच भावतं.

असो, मुद्द्यावर येतो. मोशेच्या कायद्यात (म्हणजे बायबलाच्या निर्गम, लेवीय, गणना, अनुवाद या पुस्तकांतल्या नियमांत) अशी सहा नगरं आहेत, तीन यार्देन नदीच्या अलीकडे नि तीन पलीकडे. तिथे पोचलं म्हणजे सुटका झाली असं नाही, चौकशी होते. वैर होतं का, दबा धरला होता का, लोखंडी हत्यार मुद्दाम मारलं का? मुद्दाम मारलं असेल तर गावचे वडील त्याला तिथून बाहेर काढून सूड घेणाऱ्याच्या हवाली करतात. चुकून झालं असेल तर तो तिथेच राहतो, मुख्य याजक मरेपर्यंत. म्हणजे निर्दोष ठरूनही घरी जाता येत नाही! आणि खुन्याच्या जिवाबद्दल पैसे घ्यायचे नाहीत, हे वेगळं बजावलंय (गणना ३५). आजूबाजूच्या राज्यांत खुनाचं प्रकरण पैशाने मिटवता येत असे, ते ध्यानात घेतलं की या वाक्याचं वजन कळतं.

आमच्या चर्चमध्ये जुन्या करारातला कायदा म्हटलं की दशाज्ञा आणि ‘डोळ्याबद्दल डोळा’, एवढ्यावर गाडी थांबते. मला वाटतं ख्रिस्ती समाजाच्या न्यायाच्या कल्पनेवर खरा परिणाम या बारक्या कलमांनी केला. कुऱ्हाड, बैल, खड्डा, कठडा. इथे वकील आणि अभ्यासू मंडळी आहेत, त्यांना काय वाटतं?

बोरूबहाद्दर

लेख आवडला, पाचर तर फारच. पण गोदाकाठी, त्याच पुस्तकात चेटकिणीला जिवंत ठेवू नका असंही आहे. बंडखोर मुलाला गावच्या वेशीवर दगडांनी मारा असंही आहे. युरोपात चेटकीण म्हणून किती बायका गेल्या? तिथे हेच वचन पुढे करत होते ना? तुम्ही कुऱ्हाड निवडली, त्यांनी चेटकीण निवडली. निवडीचा निकष काय, ते सांगा.

इंद्रधनू

बोरूबहाद्दर यांना +१. वाचतेय.

सातबारा

कोर्टात रोज उभा राहतो म्हणून लिहितो, धर्मशास्त्रात माझा पास.

बैलाचं कलम (निर्गम २१) कायद्याच्या विद्यार्थ्यांना मुद्दाम वाचायला द्यावं असं आहे. बैलाने माणूस मारला तर बैलाला दगडमार, मांस खायचं नाही, मालक मोकळा. पण बैल आधीपासून मारका असेल, मालकाला तशी ताकीद दिलेली असेल आणि तरी त्याने बांधून ठेवला नसेल, तर मालकही मरणास पात्र. मात्र इथे खंडणी देऊन सुटता येतं. म्हणजे ठरवून केलेला खून वेगळा आणि माहीत असूनही केलेला हलगर्जीपणा वेगळा. इंग्लिश कायद्यात पाळीव जनावराने इजा केली तर ‘मालकाला त्याचा स्वभाव ठाऊक होता का’ हा प्रश्न शेकडो वर्षं निर्णायक होता. कुत्रा आधी कुणाला चावलाय का, हे आजही विचारतात.

लगेच पुढचं कलम: खड्डा खणून उघडा ठेवला आणि त्यात कुणाचा बैल किंवा गाढव पडलं तर खड्ड्याच्या मालकाने भरपाई द्यायची. आमच्या रस्त्यावर हे लागू झालं तर काय होईल याचा विचार मी दर जुलैत करतो. अनुवाद २२ मध्ये नवं घर बांधलंस तर धाब्याला कठडा घाल, असंही आहे.

पण गोदाकाठी, एक पाचर मीही ठोकतो. मारका बैल हा काही मोशेचा शोध नव्हे. बाबिलोनचा प्राचीन राजा हम्मुराबी याच्या कायद्यात तो आहे, तोही ‘मालकाला ताकीद दिली होती’ या अटीसकट. फरक असा की तिथे मालक चांदी मोजतो आणि बैल जिवंत राहतो. रात्री घर फोडणाऱ्याला मारलं तर दोष नाही आणि सूर्य उगवल्यावर मारलं तर दोष, हे निर्गम २२ मधलं कलम. रात्रीच्या चोराची अशीच सवलत रोमच्या बारा पाट्यांच्या कायद्यात आहे, आणि आपल्या दंडसंहितेत रात्रीच्या घरफोडीविरुद्धच्या बचावाला वेगळं स्थान होतं, नव्या संहितेतही आहे. मग हे आलं कुठून? बायबल, रोम, की अंधारात माणसाला काही दिसत नाही या साध्या अनुभवातून? युरोपातल्या चर्चच्या वकिलांनी दोन्ही ग्रंथ शेजारी ठेवून वाचले, त्यामुळे धागे सुटे करणं अवघड आहे.

इंग्लंडमध्ये ज्या वस्तूने माणूस मेला, ती गाडी, घोडा, चाक, राजाकडे जमा व्हायची. नाव ‘डिओडँड’, म्हणजे देवाला द्यायची वस्तू. इंग्लिश कायदेपंडित ब्लॅकस्टोनने तिचा संबंध या दगडमार झालेल्या बैलाशी लावलाय, सगळे इतिहासकार ते मानत नाहीत. रेल्वे आली, ज्युरी थेट इंजिनांवर मोठाल्या रकमा लावू लागली, आणि १८४६ मध्ये पार्लमेंटने प्रथाच मोडीत काढली. रेल्वे कंपनीपुढे बैल हरला.

कनेटिकटकर

बोरूबहाद्दर यांच्या प्रश्नाला माझ्या गावचं उत्तर. मी अमेरिकेत कनेटिकटमधल्या न्यू हेवनपासून पंधरा मिनिटांवर राहतो.

१६३८ मध्ये इथे प्युरिटन (कडक शिस्तीच्या इंग्रज प्रॉटेस्टंट) लोकांनी वसाहत केली आणि ठरवलं की इंग्लंडचा नाही, मोशेचा कायदा चालवायचा. ज्युरीसुद्धा ठेवली नाही, कारण बायबलात ज्युरी नाही. १६४२ मध्ये एका डुकरिणीला विकृत पिल्लू झालं, त्याला म्हणे एकच डोळा. गावात जॉर्ज स्पेन्सर नावाचा नोकर होता, त्याचा एक डोळा अधू. झालं! लोकांना पिल्लाच्या चेहऱ्यात तो दिसला. लेवीय २० प्रमाणे पशुगमनाला मृत्युदंड. स्पेन्सरने आधी नाकारलं, मग कबुली दिल्यास दया होईल असं वाटून कबूल केलं, मग फिरवलं, पुन्हा कबूल, पुन्हा नकार.

मृत्युदंडाला दोन साक्षीदार हवेत, ही मोशेचीच अट. त्यांच्याकडे एकही नव्हता. म्हणून एक साक्षीदार मेलेलं पिल्लू आणि दुसरा त्याने फिरवलेला कबुलीजबाब, असं धरलं. ८ एप्रिल १६४२ ला आधी डुकरीण त्याच्यासमोर मारली, मग त्याला फाशी.

मला यात खुपतं ते हे. निरपराध माणूस मरू नये म्हणून जी अट होती, तीच पुरी केल्याचं समाधान त्यांना मिळालं.

पण शेजारच्या मॅसॅच्युसेट्सबद्दलही सांगायला हवं. तिथली १६४१ ची हक्कांची सनद नॅथॅनियल वॉर्डने लिहिली. मृत्युदंडाच्या कलमांखाली वचनं दिलेली, चेटूक आणि मूर्तिपूजा दोन्ही त्यात. मात्र चोरीला मृत्युदंड नव्हता, कारण मोशे चोराकडून चौपट-पाचपट भरपाई घेतो, जीव घेत नाही. त्याच काळी इंग्लंडमध्ये बारा पेन्सपेक्षा जास्त चोरलं तर फाशी होऊ शकत होती. फटके चाळीसपेक्षा जास्त नाहीत, हेही अनुवाद २५ मधून. आणि माणूस पळवून विकणं हा मृत्युदंडाचा गुन्हा. १६४० च्या दशकात एका कप्तानाने आफ्रिकेतून दोन माणसं पळवून बोस्टनला आणली तेव्हा तिथल्या सभेने ‘माणूस चोरण्याचं पाप’ म्हणत त्यांना परत पाठवायचा हुकूम काढला. त्याच सनदेत युद्धात पकडलेल्यांची गुलामी मात्र मान्य होती. एकाच कागदावर दोन्ही.

बोरूबहाद्दर

कनेटिकटकर, हे भयंकर आहे, आणि मला हेच म्हणायचं होतं. गुलामाचं काढलंत म्हणून: त्या बैलाच्या कलमातच गुलाम मेला तर मालकाला तीस शेकेल चांदी द्या, असं आहे. स्वतंत्र माणूस मेला तर जिवाचा प्रश्न, गुलाम मेला तर भाव ठरलेला.

गोदाकाठी

बोरूबहाद्दर, मान्य. आणि जुन्या मराठी भाषांतरात यहूदाला येशू धरून द्यायचे ‘तीस रुपये’ मिळतात, तो आकडा हाच. लहानपणी शाळेत फी तीस रुपये होती म्हणून तो हिशेब माझ्या डोक्यात बसलाय.

पण अनुवाद २३ मध्ये पळून आलेल्या गुलामाला त्याच्या धन्याच्या हाती देऊ नका, तुमच्यात हवं तिथे राहू द्या, असंही आहे. हम्मुराबी अशाला आसरा देणाऱ्याला ठार मारतो. १८५० मध्ये अमेरिकेत पळालेले गुलाम परत करण्याचा सक्तीचा कायदा झाला तेव्हा विरोधकांनी हेच वचन पुढे केलं, आणि समोरचे पाद्री दुसरी वचनं घेऊन उभे होते. म्हणून निकषाचा तुमचा प्रश्न अजून तसाच उभा आहे.

वसईवाला

निकषाबद्दल मी लिहितो, आम्ही कॅथलिक मंडळी यात जुनी खोंडं आहोत 🙂

तेराव्या शतकात थॉमस अक्वायनस या धर्मपंडिताने मोशेच्या कायद्याचे तीन वाटे केले: नीतीचे, उपासनेचे आणि न्यायनिवाड्याचे. पहिले कायमचे. यज्ञ, शुद्धाशुद्ध वगैरे ख्रिस्तात पुरे झाले. न्यायनिवाड्याचे त्या राष्ट्रापुरते होते, आता बंधन नाही. एखाद्या राजाने त्यातलं एखादं कलम आपलं म्हणून घेतलं तर हरकत नाही, मात्र मोशेने सांगितलं म्हणून ते बंधनकारक आहे असं मानून घेऊ नये. प्रॉटेस्टंट चळवळ सुरू करणाऱ्या ल्यूथरनेही १५२५ मध्ये जवळपास हेच बजावलं: मोशे यहूद्यांना दिलेला आहे, आपल्याला आपल्या देशाचा कायदा आहे. १६४६ च्या वेस्टमिन्स्टर कबुलीत, म्हणजे श्रद्धेच्या लेखी निवेदनात, प्रॉटेस्टंटांनी म्हटलं, न्यायनिवाड्याचे कायदे संपले, त्यांतलं सर्वसाधारण न्यायतत्त्व तेवढं उरलं.

न्यू हेवनवाल्यांनी हेच पाळलं नाही. कलम जसंच्या तसं उचललं.

आता ‘डोळ्याबद्दल डोळा’. आपण याचं भाषांतर ‘जशास तसे’ करून मोकळे होतो. उत्पत्ती ४ मध्ये लामेख नावाचा एकजण बायकांपुढे फुशारकी मारतो की माझा सूड सत्त्याहत्तर पट. त्याच्याशेजारी ठेवून वाचलं की एका डोळ्याबद्दल एकच डोळा ही मर्यादा आहे हे कळतं. यहूदी आचार्यांनी तर तालमुद या आपल्या ग्रंथात त्याचा अर्थ पैशाची भरपाई असाच लावला. आणि येशूचा शिष्य पेत्र जेव्हा विचारतो, भावाला सात वेळा क्षमा करू का, तेव्हा येशू लामेखचाच आकडा उलटा फिरवतो. २०१८ मध्ये पोप फ्रान्सिस यांनी धर्मशिक्षणाच्या अधिकृत ग्रंथात बदल करून मृत्युदंड अस्वीकार्य ठरवला. आमच्या पॅरिशमध्ये त्यावर जेवढी भांडणं झाली तेवढी सिंहस्थातही होत नसतील. (नाशिककरांनी हलके घ्यावे.)

सातबारा

दोन साक्षीदारांवरून आठवलं. १६०३ मध्ये इंग्लंडमध्ये वॉल्टर रॅली या दरबाऱ्यावर राजद्रोहाचा खटला चालला. पुरावा म्हणजे कॉबहॅम नावाच्या एकाच माणसाचा कागदावरचा जबाब. रॅली ओरडत राहिला की देवाच्या कायद्याप्रमाणे दोन साक्षीदार हवेत, निदान कॉबहॅमला माझ्यासमोर तरी आणा. आणलं नाही. शिक्षा झाली, १६१८ मध्ये डोकं उडवलं. नंतर इंग्लंडमध्ये ही अट राजद्रोहाच्या कायद्यात पक्की झाली, आणि अमेरिकेच्या राज्यघटनेत आजही आहे: एकाच उघड कृत्याला दोन साक्षीदार, नाहीतर भर कोर्टात कबुली. ‘भर कोर्टात’ हे शब्द स्पेन्सरसारख्यांसाठीच असावेत असं वाटतं.

आपल्याकडे १८७२ च्या पुरावा कायद्याने उलट सांगितलं, साक्षीदारांची ठरावीक संख्या लागत नाही. एक विश्वासू साक्षीदार पुरतो. वकिलीच्या अनुभवावरून सांगतो, दोन खोटे साक्षीदार मिळवणं फारसं अवघड नसतं. मोशेलाही ते ठाऊक असावं, कारण खोट्या साक्षीदाराला तीच शिक्षा द्या जी त्याने दुसऱ्यावर आणायला पाहिली, असं कलम आहे. ते लागू झालं तर आमच्या बाररूममधली गर्दी कमी होईल.

इंद्रधनू

शरणपुरांचं पुढे काय झालं? युरोपात तशी नगरं होती का?

गोदाकाठी

इंद्रधनू, नगरं नाही, पण चर्च होती. मध्ययुगीन इंग्लंडमध्ये चर्चमध्ये शिरलेल्या गुन्हेगाराला चाळीस दिवस हात लावता येत नसे. मग त्याने कोरोनरसमोर (मृत्यूंची चौकशी करणारा राजाचा अधिकारी) कबुली द्यायची, देश सोडायची शपथ घ्यायची आणि हातात क्रूस धरून, सरळ रस्ता न सोडता बंदरापर्यंत चालत जायचं. डरहॅम कॅथीड्रलच्या दारावर सिंहासारख्या तोंडाची काशाची कडी होती (आता तिथे तिची प्रतिकृती आहे), ती वाजवली की दार उघडायचं. १४६४ ते १५२४ या साठ वर्षांत सव्वातीनशेच्या वर माणसांनी तिथे आसरा घेतल्याची नोंद आहे.

पण बघा, मोशेचं मूळ कलम इथे उलटं झालं. तिथे मुद्दाम खून करणाऱ्याला वेदीपासूनही ओढून न्या असं आहे. इथे कडी वाजवली की खुनीसुद्धा सुरक्षित. १६२४ मध्ये ते बंद झालं.

नवव्या शतकातल्या आल्फ्रेड राजाचं मला जास्त पटतं. त्याने आपल्या कायद्याच्या पुस्तकाची सुरुवातच दशाज्ञा आणि निर्गममधली कलमं, बैलासकट, आपल्या भाषेत लिहून केली. मग येरुशलेमहून प्रेषितांनी (येशूच्या शिष्यांनी) धाडलेलं पत्र, मग सोनेरी नियम, म्हणजे आपल्याला नको ते दुसऱ्याला करू नका. आणि मग म्हणतो की इंग्लंडच्या धर्मसभांनी ख्रिस्ताने शिकवलेल्या दयेखातर बहुतेक गुन्ह्यांना पहिल्या वेळी पैशाची भरपाई ठरवली, फक्त धन्याशी दगा सोडून. मोशे आधी पूर्ण वाचला, मग त्याच्यापासून कुठे नि का वेगळे झालो ते लिहून ठेवलं. बोरूबहाद्दर, मला सापडलेला निकष एवढाच. (धन्याशी दगा तेवढा का वगळला, तर तो स्वतः राजा होता.)

निफाडकर

लेवीय १९ बद्दल कुणी बोललंच नाही? शेताचे कोपरे कापू नका, पडलेली कणसं वेचू नका, गरीब आणि उपऱ्यासाठी ठेवा. मराठी बायबलात रूथ नावाची गरीब विधवा ‘सरवा’ वेचते. आमच्याकडे आजही हाच शब्द. भुईमूग काढून झाला की बाया खुरपी घेऊन येतात आणि मातीत राहिलेल्या शेंगा उकरतात. परवानगी कुणी मागत नाही, मागितलेली मी तरी पाहिली नाही.

सातबारा

निफाडकर, यावर इंग्लंडमध्ये खटलाच झालाय! सफोकमधल्या टिमवर्थ गावची मेरी हाउटन १७८७ मध्ये स्टील नावाच्या जमीनमालकाच्या शेतात सरवा वेचायला गेली. त्याने अतिक्रमणाचा दावा लावला. १७८८ मध्ये निकाल आला. हाउटनच्या बाजूने लेवीय आणि ब्लॅकस्टोन दाखवले गेले. चारांपैकी तीन न्यायाधीश म्हणाले, मोशेचा कायदा इथे बंधनकारक नाही. गरिबांची सोय करायला गरीब-कायदा आहे, वेचण्याचा हक्क असा काही नाही. एकट्या गूल्डने मोशेच्या बाजूने मत दिलं.

म्हणजे वसईवाला म्हणतात तो ‘न्यायनिवाड्याचे कायदे संपले’ हा तर्क इथे मेरी हाउटनवर उलटला. तिला सुटायचं असतं तर गूल्डसारखे तीन हवे होते.

वसईवाला

हे माहीत नव्हतं. बोललो ते मागे घेत नाही, पण आज रात्री झोप लागायला वेळ लागेल.

बोरूबहाद्दर

निकालानंतर सरवा वेचणं बंद झालं का?

सातबारा

नाही. इंग्लंडच्या कित्येक गावांत विसाव्या शतकापर्यंत चालू होतं. सकाळी चर्चची घंटा वाजली की सगळ्या बायका एकदम शेतात शिरायच्या, म्हणजे कुणी आधी जाऊन ओरपू नये. कोर्टात हरलेला हक्क गावात चालू राहिला.

निफाडकर

आमच्याकडे उलट आहे. हक्क कुणी काढून घेतला नाही, पण मागच्या दोन वर्षांपासून गव्हाला हार्वेस्टर येतो. मधलं सगळं साफ. मशीनवाला एकराचा भाव घेतो, त्याला कोपऱ्यात वळायचा त्रास नको असतो, म्हणून बांधाकडेचा हातभर पट्टा तेवढा उभा राहतो. यंदा वडिलांनी तो कापायला माणूस लावला नाही. विचारलं तर म्हणाले, मजुरीच परवडत नाही. दुसऱ्या दिवशी तिथे तीन बाया विळे घेऊन बसल्या होत्या आणि वडील त्यांना पाण्याचा हंडा कुठे ठेवलाय ते दाखवत होते.